ताउनोचा स्वेटर

आर्वो लाहती पोटावर आडवा झाला आणि घर तापवणाऱ्या भट्टीच्या खालच्या फटीशी नाक नेऊन त्याने दोनदा वास घेतला. धूळ, लोखंड, कुठल्यातरी उंदराचा जुना संसार. गॅस नाही. मग गुडघ्यांवर उठून त्याने पाईपच्या सांध्यांवरून नाक फिरवलं. तिथेही नाही. नॉब ‘बंद’वर आहे हे डोळ्यांना दिसत होतं, तरी त्याने तो बोटाने चाचपून पाहिला. पत्र्याचं झाकण काढून भिंतीला टेकवलं आणि काड्यांची पेटी खिशातच ठेवून तो तळघराच्या शेवटच्या पायरीवर जाऊन बसला.

“पेटली का रे?” वरून स्वयंपाकघरातून सायमाचा आवाज आला.

“पाच मिनिटं थांबायचं असतं, वहिनी.”

“तुझी पाच मिनिटं मला पाठ आहेत. घर उडवायचं असेल तर तीनच्या आत उडव. तीननंतर ते दुसऱ्यांचं होणार, त्यांना विचारावं लागेल.”

“आई!” सायमाची मुलगी मार्लिस वरच कुठेतरी बशा वर्तमानपत्रात गुंडाळत होती.

“आई काय? खरं तेच बोलते.”

आर्वो गालातल्या गालात हसला. पाच मिनिटं मोजायला त्याने कधी घड्याळ पाहिलं नव्हतं. त्याच्याकडे आईचं गाणं होतं. आई समुद्रापलीकडच्या मायदेशातून येताना एक ट्रंक आणि ते गाणं घेऊन आली होती. चुलीतले निखारे राखेखाली झाकताना म्हणायची. सात कडवी. सावकाश म्हटली की बरोबर पाच मिनिटं होत, आणि तेवढ्यात साचलेला गॅस निघून जाई.

*निज रे निखाऱ्या, राखेची शाल घेई*
*दाराशी हिंव उभं, त्याला आत येऊ न देई*

एकतीस वर्षं त्याने गावच्या शाळेचा बॉयलर सांभाळला होता. निवृत्त झाल्यावर दर ऑक्टोबरात तो गावातल्या एकट्या बायकांच्या घरी जाऊन भट्टीची पायलट ज्योत बघून देई. बोटभर निळी ज्योत. ती जागी असली तर घर गार पडताच मोठा जाळ पेटतो, ती विझली तर मिनेसोटाच्या थंडीत रात्रीतून नळ फुटतात. उन्हाळ्यात काही बायका ती बंद करून टाकत, काहींची आपोआप विझे. आर्वो येई, वास घेई, गाणं पुटपुटे, काडी ओढी. मग वर जाऊन कॉफी आणि वेलदोड्याचा गोड पाव. बायका म्हणत, आर्वो येऊन गेला, आता बर्फ पडू दे.

मार्लिस ओल्या पडद्यांची टोपली घेऊन खाली उतरली. पन्नाशीची, आईसारखीच उंच. पण आईचा तोरा तिच्यात नव्हता. तिने पडदे वाळवायच्या मशीनमध्ये कोंबले आणि बटण दाबलं. मशीन घरघरू लागलं.

“आवाजाची अडचण नाही ना, काका?”

“छे.”

ती त्याच्या शेजारीच पायरीवर टेकली. वर ऐकू जाणार नाही अशा बेताने म्हणाली, “कशी वाटते तुम्हाला आई?”

“जीभ तर जागेवर आहे.”

“तिकडे डुलुथच्या वृद्धाश्रमात पत्त्यांत नर्सला हरवते. नर्स म्हणते, तुमच्या आईला इथे कशाला ठेवलंय? मी डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, जागा बदलली की कधी कधी असं वाटतं, पण फसू नका. उन्हाळ्यात बरी असते, हिवाळा आला की पुन्हा तेच. तीन वर्षं बघतोय ना आपण.”

“उन्हाळ्यात,” आर्वो म्हणाला. “आणि रविवारी.”

“रविवारी?”

“चर्चमध्ये. मी मागच्या बाकावर बसायचो. प्रार्थना संपता संपता चेहरा उजळायचा तिचा. गाण्यातला एक शब्द चुकायचा नाही. आणि घरी चमचा कुठे ठेवला ते आठवायचं नाही.”

“देवाची कृपा,” मार्लिस म्हणाली. तिने मशीनच्या काचेत गरगरणाऱ्या पडद्यांकडे पाहिलं. “तुम्ही फोन केला नसता तर मला कळलंही नसतं, काका. बर्फात नुसत्या पायमोज्यांवर उभी होती. तुम्ही नसतात तर... उपकार आहेत तुमचे.”

“उपकार कसले,” आर्वो म्हणाला. सातवं कडवं मध्येच राहिलं होतं. त्याने ते मनात पुरं केलं आणि उठला.

नॉब ‘पायलट’वर आणून त्याने दाबून धरला. लांब काडी ओढली. चेहरा बाजूला वळवला, हात लांब केला. फुस्स करून ज्योत उगवली, निळी, तेरड्याच्या पाकळीएवढी, आणि तिने शेजारच्या तांब्याच्या काडीला अलगद वेढा घातला. त्याने आणखी एक कडवं म्हणेपर्यंत नॉब दाबून ठेवला. सोडला. ज्योत टिकली. नॉब ‘चालू’वर फिरवला.

“मार्लिस, वर जाऊन भिंतीवरचं तापमानाचं बटण वाढव.”

ती गेली. क्षणभराने भट्टीच्या पोटात धप्प असा आवाज झाला आणि निळ्या जाळांची रांग एकदम उभी राहिली. वर खुर्ची सरकली.

“पेटली!” सायमाचा आवाज एखाद्या पोरीसारखा आला. मग नळ सुटल्याचा आवाज, कपाटाचं दार, कप ठेवल्याचा आवाज. एक. मग आणखी एक.

एरवी आर्वोने इथे झाकण लावलं असतं आणि तो वर गेला असता. गेली तीन वर्षं या घरात त्याने एवढंच केलं होतं. ताउनोने, सायमाच्या नवऱ्याने, ही भट्टी स्वतःच्या हाताने बसवली होती आणि तेव्हा दुसरं टोक आर्वोने धरलं होतं. ओळखीच्या घरात काय बघायचं? पण सोमवारी नव्या मालकांच्या वतीने गॅस कंपनीचा कोणीतरी माणूस यंत्र घेऊन येणार होता, आणि त्या पोरासोरांनी मागून चुका काढाव्यात हे आर्वोला नको होतं. म्हणून त्याने दुसरी काडी ओढली, फुंकून विझवली आणि तिचा धूर धुराड्याच्या पाईपखालच्या पत्र्याच्या झालरीशी धरला. धूर वर ओढला जायला हवा.

धूर त्याच्या तोंडावर आला.

त्याला वाटलं, हात हलला असेल. तिसरी काडी. धुराची रेघ झालरीपर्यंत गेली, अडखळली आणि परत वळून त्याच्या चष्म्यावर पसरली. तो खाली वाकला. जाळांच्या रांगेची टोकं पिवळी पडत होती. ताठ उभे असलेले जाळ आता सुस्तावल्यासारखे डुलत होते.

त्याने गॅस बंद केला.

“विझली का रे?”

“एक मिनिट, वहिनी.”

धुराडं तुंबलं असेल. पक्ष्याचं घरटं, पडलेली वीट. त्याने धुराड्याच्या पायाशी असलेलं लोखंडी दार उघडून छोटा आरसा आत सरकवला. आरशात आकाशाचा चौकोन स्वच्छ, निळसर दिसला. धुराडं मोकळं होतं.

मग घराला श्वासच नव्हता.

तो सावकाश उभा राहिला. तळघराच्या खिडकीवर प्लास्टिकचा पडदा होता. थंडी शिरू नये म्हणून दर हिवाळ्यापूर्वी गावातले सगळेच लावतात तसा, चारी बाजूंनी चिकटपट्टीने पक्का. गेल्या ऑक्टोबरात त्यानेच लावला होता. वरच्या सगळ्या खिडक्यांवरही लावले होते. एप्रिलमध्ये सायमाला नेल्यावर ते कोणी काढलेच नव्हते. दाराखालच्या फटीला त्याने रबराची पट्टी ठोकली होती. आणि ते वाळवायचं मशीन घरातली हवा भसाभसा बाहेर फेकत होतं. तरीही, तरीही भट्टीसाठी हवा यायला वेगळी वाट होती. ताउनोने भिंतीत वीतभर रुंदीचा पाईप बसवला होता, खास तेवढ्यासाठी. कोपऱ्यात, बरण्यांच्या मांडणीमागे.

त्याने मांडणी सरकवली. लोणच्यातल्या बीटच्या बरण्या एकमेकींवर किणकिणल्या. पाईपच्या तोंडात हिरवी लोकर ठासून भरली होती आणि वर काळ्या चिकटपट्टीची फुली मारलेली होती. ती फुली तशी मारायची सवय गावात एकाच माणसाला होती.

मार्लिसने वरून विचारलं, “काका, काही लागतंय का?”

“नाही. पुन्हा पाच मिनिटं थांबतो.”

त्याने फुली उचकटली. एखाद्याला हाताला धरून ओढावं तसं त्या लोकरीला ओढलं. ती एकदा अडली, मग सगळी बाहेर आली. एक बाही, दुसरी बाही. कोपरावर चामड्याचं ठिगळ. त्याबरोबर पाईपमधून ऑक्टोबरचा गार वारा आला आणि थेट त्याच्या मनगटावर बसला.

तो पायरीवर बसला, स्वेटर मांडीवर. गाणं सुरू केलं. पहिलं कडवं म्हटलं आणि तिथेच थांबला.

तीन वर्षांपूर्वीच्या नोव्हेंबरात ताउनो गेला होता. जानेवारीत पारा उणे चाळीसवर उतरला आणि आठवडाभर वर चढेना. सायमा तळघरात कपडे धूत होती, पायांत दोन-दोन मोजे. “आर्वो, या भोकातून सैतान आत येतो बघ,” ती म्हणाली होती. “पाय सोलून निघतात. ताउनो असता तर काहीतरी केलं असतं.” ताउनो असता तर त्याने काही केलं नसतं. त्याने तिला आणखी एक मोज्यांचा जोड दिला असता आणि सांगितलं असतं की आगीलाही श्वास लागतो. आर्वोलाही ते माहीत होतं. शाळेच्या बॉयलरच्या खोलीत त्याने स्वतः लाल रंगाने लिहून ठेवलं होतं, हवेची खिडकी बंद करू नये. पण ती ‘ताउनो असता तर’ म्हणाली होती. खुंटीला ताउनोचा हा जुना स्वेटर लटकत होता. आर्वोने तो भोकात कोंबला, फुली मारली आणि म्हणाला, “थंडीची लाट सरली की काढतो हं, वहिनी.” ती हसली होती. नवरा गेल्यापासून पहिल्यांदा.

लाट सरली. तो विसरला.

मग मांडणी पुढे सरकली, बरण्या आल्या. मग दुसरा हिवाळा, मग तिसरा. काचा आतून घामाने भिजू लागल्या, ते त्याने पाहिलं होतं. तो म्हणाला, बघा, घर कसं घट्ट झालंय. खिडकीतली जिरेनियमची रोपं सुकली. सायमा सकाळी उशिरापर्यंत झोपू लागली. कपात मीठ घालू लागली. ताउनोसाठी ताट वाढू लागली. आणि गेल्या जानेवारीत तिने फोन करून बोलावलं होतं. “आर्वो, भट्टीत काहीतरी आहे. सकाळी डोकं धरतं. पाय कापसाचे होतात.” तो आला, झाकण काढलं. निळी ज्योत तिथे शहाण्या मुलासारखी बसलेली होती. तेवढं बघून तो वर गेला होता.

“भट्टी ठणठणीत आहे. वय झालं, वहिनी. मान्य करा.”

तिने मान्य केलं होतं. हीच गोष्ट त्याला आता गिळवेना. सायमा कोर्पी कुणाचं काही मान्य करणारी बाई नव्हती, पण भट्टीच्या बाबतीत आर्वो सांगतोय म्हटल्यावर ती गप्प झाली होती. आठवड्यातून दोन तास ती चर्चच्या मोकळ्या हवेत बसायची तेव्हा तिचं डोकं ताळ्यावर यायचं, आणि तो मागच्या बाकावरून म्हणायचा, देवाची लीला. आणि मग तो फोन. ‘मार्लिस, तुझी आई आता एकटी राहू शकत नाही.’ विसरत होता तो, आणि विसराळू ठरली ती.

पाच मिनिटं केव्हाच होऊन गेली होती. त्याने पायलट पेटवला, भट्टी सुरू केली, काडी विझवून धूर झालरीशी धरला. धुराची रेघ सरळ वर गेली, जसं काही कुणी तिला वरून दोरीने ओढून घेतलं. जाळ निळे, ताठ. मशीन तसंच घरघरत होतं, प्लास्टिक तसंच होतं. बदललं होतं एवढंच, की पाईप उघडा होता.

त्याने झाकण बसवलं. मांडणी परत जागेवर सरकवताना पाईपसमोर वीतभर जागा सोडली. हे घर आता चांगलं होतं. सोमवारी तो यंत्रवाला येईल आणि त्याला काही सापडणार नाही. तीन वाजता घराच्या विक्रीवर सही होईल. सायमा डुलुथला तिच्या नर्सबरोबर पत्ते खेळेल. कुणाला काही कळायचं कारण नव्हतं. आर्वोने स्वेटरची घडी केली, जाकिटाच्या आत पोटाशी धरली आणि चेन गळ्यापर्यंत ओढली.

वर स्वयंपाकघर निम्मं रिकामं झालं होतं. खोक्यांच्या मध्ये, टेबलाशी, सायमा कोट घालूनच बसली होती. चुलीवर कॉफी होती. टेबलावर दोन कप होते, एक तिच्यासमोर आणि एक पलीकडच्या, खिडकीकडे पाठ असलेल्या खुर्चीसमोर. दोन्ही भरलेले. ती ताउनोची खुर्ची होती.

मार्लिसने आर्वोकडे पाहिलं. बघितलंत ना, असं तिच्या भुवया म्हणाल्या. मग तिने बशांचं खोकं उचललं. “मी हे गाडीत ठेवून येते. पावणेतीनला निघायचंय, आई.”

दार लागलं. सायमाने मान न वळवता विचारलं, “तिने डोळे फिरवले ना?”

“नाही, वहिनी.”

“खोटं बोलता येत नाही तुला. कधीच येत नव्हतं. मासे पकडायला जातो म्हणून बाटली घेऊन बसायचात दोघं, तेव्हाही तुझ्याच तोंडावर लिहिलेलं असायचं.” तिने कपाभोवती दोन्ही हात धरले. “ऐक. मार्लिसला बोलू नकोस. मी वेडी नाही. तो गेलाय हे मला माहीत आहे, शवपेटीवर मातीची मूठ मीच टाकली. तरी तो यायचा. भट्टी सुरू झाली की यायचा, हिवाळ्यात. त्या खुर्चीवर बसायचा. बोलायचा नाही फारसं. जिवंतपणी तरी कुठे बोलायचा?”

आर्वो उभाच होता. पोटाशी लोकर गरम होत होती.

“तिकडे येत नाही,” ती म्हणाली. “सहा महिने वाट पाहिली. तिकडे भिंतीत गरम पाण्याचे नळ आहेत, भट्टी नाही. म्हटलं, त्याला रस्ता सापडत नसेल. म्हणून मार्लिसच्या मागे लागले की घर जायच्या आधी एकदा मला तिथे ने, आणि आर्वोला बोलावून भट्टी पेटव. मघाशी पेटली तेव्हा वाटलं, आता येईल. मग तू विझवलीस.”

“आता पुन्हा पेटवली आहे.”

“हो. पण खोलीत ते नाहीये. ते जड व्हायचं ना, डोळ्यांवर साय आल्यासारखं, आणि मग तो... आज सगळं लख्ख आहे.” तिने त्याच्याकडे पाहिलं. तिचे डोळेही लख्ख होते, चर्चमधल्या रविवारसारखे. “काय केलंस तू खाली?”

चेन गळ्याशी अडकली. त्याला ती दोनदा खेचावी लागली. मग त्याने स्वेटर बाहेर काढला आणि दोन कपांच्या मध्ये, टेबलावर ठेवला. कोळ्याच्या जाळ्यासकट.

“भट्टीत खरंच काहीतरी होतं, वहिनी. तुम्ही सांगितलं होतं. मी फक्त पायलट पाहिला.”

तिने स्वेटरला हात लावला नाही.

“तुमच्या पायांना थंडी लागते म्हणून मी हा हवेच्या पाईपात कोंबला. त्या पहिल्या जानेवारीत. लाट सरली की काढतो म्हटलं होतं. हवा कोंडली की जाळ नीट जळत नाही. त्यातून एक वायू सुटतो, त्याला वास नाही, रंग नाही. माणसाचं डोकं धरतं. पाय लटपटतात. माणूस विसरतो. नाही ते दिसतं.” आपला आवाज शाळेतल्या पोरांना नियम समजावून सांगितल्यासारखा येतोय हे त्याला ऐकू येत होतं आणि दुसरा आवाज सापडत नव्हता. “एखादी जास्त गार रात्र पडली असती तर तुम्ही सकाळी उठलाही नसतात.”

दारात मार्लिस उभी होती, हातात गाडीच्या किल्ल्या.

“पण डॉक्टर म्हणाले...”

“डॉक्टरांनी तळघर पाहिलं नव्हतं,” आर्वो म्हणाला. “मी पाहिलं होतं.”

“किती दिवस?”

“तीन हिवाळे.”

“आणि तुम्ही मला फोन करून सांगितलंत की...”

“हो.”

ती काही बोलेल म्हणून तो थांबला. ओरडली असती तर त्याला उभं राहायला बरं पडलं असतं. पण मार्लिस एका खोक्यावर बसली आणि किल्ल्या मुठीत आवळत राहिली. “मी तिला कुलपाच्या दाराआड ठेवलं,” ती म्हणाली. कोणाला उद्देशून नाही. “पहिल्या महिन्यात ती दार वाजवायची. मी गाडीत बसून रडायचे आणि परत यायचे.”

घड्याळात पावणेतीन झाले होते. कुणी निघालं नाही.

सायमाने स्वेटर ओढून घेतला. एक बाही सरळ केली. कोपराचं ठिगळ अंगठ्याने चाचपलं. ते तिनेच लावलेलं होतं.

“म्हणजे तो नव्हता,” ती म्हणाली.

“नाही, वहिनी.”

“एकदाही?”

त्याला खोटं बोलता येत नव्हतं, आणि या घडीला ते आलं असतं तर तो आनंदाने बोलला असता. त्याने नकारार्थी मान हलवली.

“स्वेटर तर त्याचाच होता,” ती हळूच म्हणाली. भिंतीपलीकडून भट्टीचा मंद आवाज येत होता, सारखा, स्वच्छ.

मार्लिस उठली. भिंतीवरच्या फोनपाशी गेली, त्यांच्याकडे पाठ करून तिने नंबर फिरवला. “मी कोर्पींची मुलगी बोलतेय. आज आम्ही सहीला येत नाही... नाही, नाही, घरात काही दोष नाही. होता. आता नाही... सही आईला करायची आहे. आणि तिला आम्ही अजून विचारलेलंच नाही.” ती फोन ठेवूनही तशीच उभी राहिली, कपाळ भिंतीला टेकून.

“पाईप उघडा ठेवलास?” सायमाने विचारलं.

“हो. तो आता कधीच बंद करायचा नाही.”

“पाय गार पडतील.”

“पडतील.”

“प्लास्टिक?”

“काही खिडक्यांचं काढतो. आत्ता काढतो.”

“नंतर काढ.” तिने कोट उतरवला, स्वेटर दोनदा झटकला, धूळ उडाली, आणि तो डोक्यावरून घातला. बाह्या बोटांच्याही पुढे लोंबल्या. तिने त्या दुमडल्या, एकदा, दोनदा, ज्या सफाईने कित्येक वर्षं दुसऱ्या कुणाच्या दुमडल्या असतील.

खाली भट्टी थांबली. मग थोड्या वेळाने घर गार पडलं आणि ती पुन्हा पेटली, धप्प. त्या आवाजासरशी सायमाने मान वर करून समोर पाहिलं. आर्वोनेही पाहिलं, आपण बघतोय हे कळायच्या आत. खिडकीतून दुपारचं ऊन खुर्चीच्या पाठीवर पडलं होतं. बाकी काही नव्हतं.

सायमाने पलीकडचा कप उचलला आणि त्यातली कॉफी किटलीत परत ओतली. थेंबही सांडू दिला नाही. मग जवळच्या खोक्यात हात घालून वर्तमानपत्राची एक पुडी काढली, उलगडली, आतला कप स्वेटरच्या बाहीने पुसला आणि टेबलाच्या कोपऱ्याशी ठेवला. कॉफी ओतली.

“बस,” ती म्हणाली.

आर्वोचा हात हाताशी असलेल्या, खिडकीकडे पाठ केलेल्या खुर्चीच्या पाठीवर गेला.

“त्या खुर्चीवर नको.”